संकलकाची कात्री आणि सरकारची कात्री

शिंप्याच्या हातांतील कात्री आणि खिसेकापूच्या हातांतील कात्री एकाच लोखंडाची असते, आणि दोघेही कापडच कापतात. परंतु एकानें कापलें म्हणजे अंगरखा तयार होतो व दुसऱ्यानें कापलें म्हणजे मनुष्य नागवला जातो. हा भेद इतका उघड आहे कीं तो सांगण्याचें कारण पडूं नये. तथापि कापड सोडून आपण चित्रपटाकडे वळलों म्हणजे तो तितकासा उघड राहत नाहीं. चित्रपटाच्या धंद्यांतही दोन कात्र्या चालतात. एक संकलकाची, म्हणजे ज्याला बोलण्यांत आपण एडिटर म्हणतों त्याची. आणि दुसरी सरकारी परीक्षकाची. दोन्ही फीतच कापतात, दोन्ही पडद्याआड चालतात, आणि दोहोंचें काम प्रेक्षकाच्या ध्यानांत येऊं नये अशीच बहुधा योजना असते. ज्या एका देशांत या दोन कात्र्यांची गांठ अनेक वर्षें एकाच मेजावर पडत राहिली, त्या देशाचा एक लहानसा इतिहास आज वाचकांपुढें मांडावयाचा आहे. तो देश म्हणजे पूर्वींचें चेकोस्लोव्हाकिया. आणि तो इतिहास म्हणजे तेथील अॅनिमेशनपटांचा, व त्यांतही मारिये झेमानोवा या संकलक बाईंच्या कारकीर्दीचा.

हें नांव वाचकांनीं ऐकलें नसेल; यांत त्यांचा दोष नाहीं. चित्रपट संपून पडद्यावर नांवांची यादी चढूं लागली कीं प्रेक्षक उठून चपला शोधूं लागतो. दिवे लागतात आणि राहिलेलीं नांवें त्या उजेडांत पुसट होऊन जातात. नटाचें नांव प्रेक्षकाबरोबर घरीं येतें, दिग्दर्शकाचें वर्तमानपत्रांत छापून येतें. संकलकाचें नांव त्या पुसट यादींतच राहतें. यान श्वांकमायर या चेक दिग्दर्शकाचें नांव आज जगांतील कलारसिकांस ठाऊक आहे. सन १९८८ पासून सन २०१० पर्यंत त्यांनीं जे सहा पूर्ण लांबीचे चित्रपट केले, त्या साहींच्या यादींत संकलनाच्या जागीं एकच नांव आहे, तें झेमानोवाबाईंचें. बावीस वर्षें, सहा चित्रपट व एक नांव, एवढा हा हिशेब. परंतु तो नीट समजण्याकरितां आपणांस बरेंच मागें जावें लागेल. कारण ज्या मेजाशीं बाई बसल्या, तें मेज त्यापूर्वीं चाळीस वर्षें दुसऱ्या कात्रीच्या पहाऱ्यांत होतें.

प्रथम या कलेचें तंत्र थोडक्यांत सांगितलें पाहिजे. बाहुली, चिकणमातीचा गोळा, जुना जोडा, किंवा वाटेल ती निर्जीव वस्तु कॅमेऱ्यापुढें ठेवावयाची, तिचें एक चित्र घ्यावयाचें. मग ती केसभर सरकवून दुसरें चित्र घ्यावयाचें. आणि हा क्रम दिवसच्या दिवस चालू ठेवावयाचा. पडद्यावर एका सेकंदास चोवीस चित्रें सरकतात. म्हणजे एका मिनिटास एक हजार चारशें चाळीस, आणि दहा मिनिटांच्या चित्रपटास चौदा हजार चारशें. कधीं कधीं एकेका स्थितीचीं दोन दोन चित्रें घेऊन श्रम निम्म्यावर आणतात. तरीही दिवसभर राबून हातीं लागणारे सेकंद बोटांवर मोजण्याइतकेच असतात. नटांच्या चित्रपटांत दिग्दर्शक एकच प्रसंग पांच वेळां, दहा वेळां घेतो आणि संकलक त्यांतून निवड करतो. बाहुलीपटांत ही चैन परवडत नाहीं. येथें संकलकानें एक सेकंद टाकला तर कोणाच्या तरी आयुष्यांतील अर्धा दिवस टाकला असें होतें. म्हणून तोड कोठें पडावी, याचा विचार बराचसा चित्रणापूर्वींच करून ठेवावा लागतो. आणि चित्रण झाल्यावर एका चित्राचा, म्हणजे सेकंदाच्या चोविसाव्या भागाचाही हिशेब ठेवावा लागतो. घरांत साखर मोजून मिळत असतां गृहिणी जशी चमचा हातीं धरते, तसा हा संकलक कात्री हातीं धरतो.

परंतु काटकसर हें संकलनाचें अर्धेंच मर्म झालें. रशियांत १९२० च्या सुमारास लेव्ह कुलेशोव्ह या दिग्दर्शकानें केलेला एक प्रयोग प्रसिद्ध आहे. एका नटाच्या निर्विकार चेहऱ्याचें एकच चित्र त्यानें निरनिराळ्या चित्रांशीं जोडून दाखविलें. अन्नाच्या बशीजवळ तें जोडलें तेव्हां प्रेक्षकांस त्या चेहऱ्यावर भूक दिसली, शवपेटीजवळ जोडलें तेव्हां शोक दिसला. चेहरा तोच होता. शेजार बदलला होता. चित्रपटांतील अर्थ चित्रांत नसून पुष्कळदां दोन चित्रांच्या सांध्यांत असतो, हें या प्रयोगाचें तात्पर्य. आतां निर्विकार चेहरा मनुष्याला प्रयत्नानें करावा लागतो. बाहुलीला तो जन्मतःच असतो. तेव्हां बाहुलीपट हें संकलकाचें जणूं माहेरच म्हटलें पाहिजे. हें तात्पर्य वाचकांनीं ध्यानांत ठेवावें, कारण पुढें सरकारनेंही तें चांगलेंच ध्यानांत ठेवलेलें आपणांस आढळून येईल.

बाहुलीशीं चेक लोकांचें नातें फार जुनें आहे. बोहेमियावर हाप्सबुर्ग घराण्याचें राज्य असतां कचेऱ्यांत आणि वरच्या वर्गांत जर्मन भाषेचा अंमल होता. अशा काळांत मात्येय कोपेत्स्की (१७७५–१८४७) याच्यासारखे फिरस्ते खेळिये गाडींत कळसूत्री बाहुल्या घालून खेडोपाडीं हिंडत आणि लोकांस त्यांच्याच भाषेंत नाटकें दाखवीत. बाहुली ही चेक मनुष्याला पोरखेळ वाटत नाहीं. ती त्याच्या भाषेची जुनी सोबतीण आहे. सन २०१६ मध्यें युनेस्कोनें चेक व स्लोव्हाक बाहुलीनाट्याची नोंद मानवजातीच्या वारशांत केली, ती उगीच नव्हे.

ही सोबतीण रंगमंचावरून पडद्यावर आली ती मुख्यतः यिर्झी त्रन्का या चित्रकारामुळें. पिल्सेन शहरीं सन १९१२ मध्यें जन्मलेले त्रन्का हे योसेफ स्कूपा या विख्यात बाहुलीकाराच्या हाताखालीं तयार झाले. दुसरें महायुद्ध संपतांच ऑगस्ट १९४५ मध्यें चेकोस्लोव्हाकियानें चित्रपटाचा सर्व धंदा सरकारी मालकीचा केला, आणि पुढच्या दोनतीन वर्षांत त्रन्कांच्या हातून बाहुलीपटांची ती मालिका सुरू झाली जी आजही अभ्यासाचा विषय आहे. त्यांच्या बाहुल्यांचे चेहरे हलत नसत. डोळे मिचकावणें नाहीं, ओठ उघडणें नाहीं. प्रकाश कोठून पडतो, मान किती कलते, आणि त्या चेहऱ्यामागून कोणतें चित्र येतें, एवढ्यांवरच त्यांची भिस्त असे. आणि एवढ्यांतच त्या बाहुल्या हंसत व रडत. कुलेशोव्हचा प्रयोग येथें लांकडांत उतरला होता.

येथें एक गोष्ट न्यायबुद्धीनें कबूल केली पाहिजे. सरकारी तिजोरी पाठीशीं नसती तर हे बाहुलीपट झालेच नसते. दहा मिनिटांच्या खेळासाठीं महिनोन् महिने पगार देणारा व्यापारी कोठें सांपडणार? सन १९४८ मध्यें कम्युनिस्ट पक्षानें सत्ता हातीं घेतल्यावरही हा आश्रय चालूच राहिला. परंतु आश्रयदात्याचा हात डोक्यावरून खांद्यावर आणि खांद्यावरून मानेवर केव्हां येतो, हें आश्रिताला उशिरां कळतें. त्रन्का यांना तें कळलें आणि त्यांनीं तें दाखविलेंही. सन १९६५ मध्यें त्यांनीं 'हात' नांवाचा सुमारें अठरा मिनिटांचा बाहुलीपट केला. तो त्यांचा शेवटचा. एक साधा कुंभार आपल्या आवडत्या रोपासाठीं कुंडी घडवीत असतो. एक अवाढव्य हात त्याच्या खोलींत शिरतो आणि कुंडीऐवजीं हाताचा पुतळा घडव म्हणून हट्ट धरतो. आर्जव, लांच, धमकी, शेवटीं सोनेरी पिंजरा. आणि कुंभार मेल्यावर तोच हात त्याला थाटामाटानें मूठमाती देतो. त्रन्का ३० डिसेंबर १९६९ रोजीं वारले. त्यांचा अंत्यविधि सन्मानपूर्वक झाला, आणि त्यानंतर थोड्याच काळांत 'हात'च्या प्रती जप्त होऊन जवळजवळ वीस वर्षें तो चित्रपट लोकांस पाहतां आला नाहीं. चित्रपटांतील शेवट आणि चित्रपटाचा शेवट यांत इतकें साम्य क्वचितच पडतें.

'हात'च्या बाबतींत सरकारनें कात्री वापरली नाहीं, सबंध पेटीच उचलून नेली. कात्रीचें खरें नाजूक काम यान श्वांकमायर यांच्या वांट्यास आलें. प्राग शहरीं १९३४ मध्यें जन्मलेले श्वांकमायर यांना लहानपणीं नाताळांत खेळण्यांतलें बाहुलीनाट्यगृह मिळालें होतें. पुढें प्रागच्या नाट्यविद्यालयांत त्यांनीं बाहुलीनाट्याचेंच शिक्षण घेतलें. १९६४ मध्यें त्यांचा पहिला लघुपट निघाला. त्रन्का यांच्यापेक्षां यांचा पिंड अगदीं निराळा. त्रन्कांची बाहुली सुंदर असते. श्वांकमायर यांना मोडकीं खेळणीं, हाडें, गंजलेलीं कुलुपें, कच्चें मांस, यांतच रस. त्रन्का दृश्य सावकाश उलगडतात. श्वांकमायर यांच्या दृश्यांचे तुकडे कधीं कधीं अर्धा सेकंदही टिकत नाहींत. १९७० मध्यें ते प्रागच्या अतिवास्तववादी मंडळांत सामील झाले. या पंथाची आवडती कला म्हणजे जुन्या छापील चित्रांचे तुकडे कापून विजोड रीतीनें चिकटविणें. कात्री आणि खळ यांची ही कला, म्हणजे एका अर्थीं कागदावरचें संकलनच.

यापूर्वीं, ऑगस्ट १९६८ मध्यें, रशिया व त्याच्या मित्रराष्ट्रांच्या फौजा चेकोस्लोव्हाकियांत शिरल्या होत्या आणि त्यानंतर जी राजवट स्थिर झाली तिनें आपल्या धोरणाला नांव दिलें होतें 'पूर्ववत् स्थिति'चें. या राजवटींत श्वांकमायर यांच्या तीन चित्रपटांचें काय झालें तें क्रमानें सांगतों. कारण त्यांत या लेखाचें सार आहे.

पहिला चित्रपट १९७० चा. कुत्ना होरा या गांवाजवळ सेद्लेत्स येथें एक लहानसें प्रार्थनामंदिर आहे. सुमारें चाळीस हजार माणसांचीं हाडें तेथें सांठलेलीं असून फ्रांटिशेक रिंट या कारागिरानें १८७० मध्यें त्यांचीं झुंबरें, तोरणें आणि ढालचिन्हें रचिलीं. श्वांकमायर यांनीं या हाडांचा दहा मिनिटांचा माहितीपट केला. चित्रें झपाट्यानें एकामागून एक येतात, आणि त्यांवर मूळ योजनेप्रमाणें तेथील वाटाड्या बाईचें रोजचें भाषण ऐकूं यावयाचें होतें. ती शाळकरी मुलांस माहिती सांगते आणि हाडांस हात लावाल तर दंड होईल अशी ताकीद देते. यांत राजद्रोह तो कोणता? चित्रांत कांहीं नव्हतें, भाषणांतही नव्हतें. परंतु हजारों माणसांच्या कवट्या आणि वर दंडाची ताकीद देणारा तो कंटाळलेला अधिकारी आवाज, हीं दोन एकत्र आलीं कीं ऐकणाऱ्याच्या मनांत तिसरेंच कांहीं उभें राहतें. आवाज बदलावा असा हुकूम झाला. त्या जागीं प्रेव्हेर या फ्रेंच कवीच्या एका कवितेला झ्देन्येक लिश्का या संगीतकारानें दिलेली चाल घालण्यांत आली. चित्रें जशींच्या तशीं राहिलीं. तुटला तो फक्त सांधा.

दुसरा चित्रपट १९७२ चा, 'लिओनार्दोची रोजनिशी'. लिओनार्दो दा विंची याचीं रेखाचित्रें येथें सजीव होतात आणि त्यांच्यामध्यें मधून मधून रोजच्या जीवनाचीं साधीं वार्तापटांतील दृश्यें येतात. लिओनार्दो निर्दोष, वार्तापटही निर्दोष. परंतु दोन्ही शेजारीं शेजारीं ठेवल्याबरोबर आजचें जीवन पांचशें वर्षांपूर्वींच्या त्या प्रतिभेपुढें थिटें दिसूं लागलें, आणि पक्षाच्या मुखपत्रांत त्यावर टीकेची झोड उठली. तिसरा चित्रपट 'ओत्रांतोचा किल्ला', सुरुवात १९७३ ची. यांत एक खोटा माहितीपट आणि जुन्या धर्तीचीं हलतीं चित्रें यांची सरमिसळ होती. अधिकाऱ्यांनीं त्यांत फेरबदल मागितले. श्वांकमायर यांनीं ते करण्याचें नाकारलें. परिणाम असा झाला कीं सुमारें सात वर्षें त्यांना स्वतःचा चित्रपट करतां आला नाहीं आणि हा चित्रपट १९७९ पर्यंत पुरा झाला नाहीं. मधल्या काळांत त्यांनीं इतरांच्या चित्रपटांस युक्त्या करून दिल्या. १९७८ मध्यें पडद्यावर आलेल्या एका विनोदी चित्रपटांतील मांसभक्षक वनस्पति त्यांचीच. घरीं ते स्पर्शाचे प्रयोग करीत बसत. डोळ्यांचा व्यवसाय बंद झाला तेव्हां त्यांनीं बोटांचा सुरू केला, असें म्हणावयास हरकत नाहीं.

या तीनही हकीकतींत एक गोष्ट समान आहे. सेन्सॉरची कात्री चित्रावर नव्हे तर सांध्यावर चालली. सामान्य प्रेक्षकाला संकलन दिसत नाहीं. सेन्सॉरला तें दिसत होतें. ज्या कलेची दखल टीकाकारांनीं क्वचित् घेतली, तिची खरी बूज सरकारी कचेरीनें राखली, ही मोठी चमत्कारिक गोष्ट आहे. एकटें चित्र बोलत नाहीं, दोन चित्रें बोलतात, हें त्या कचेरींतील माणसांस कोणी शिकविलें कोण जाणे; पण तें त्यांना पक्कें समजलें होतें.

सक्तीची विश्रांति संपल्यावर १९८२ मध्यें श्वांकमायर यांनीं 'संवादाच्या शक्यता' हा लघुपट केला. त्याचें संकलन हेलेना लेब्दुश्कोवा या बाईंचें आहे. त्याच्या पहिल्या भागांत भाज्यांचीं, भांड्यांचीं आणि लेखनसाहित्याचीं डोकीं एकमेकांस गिळतात आणि ओकतात, शेवटीं सगळीं एकाच छापाचीं मातीचीं डोकीं होईपर्यंत. तिसऱ्या भागांत दोन वृद्ध मस्तकें मेजावर समोरासमोर येतात. एकाच्या तोंडांतून दांत घासण्याचा ब्रश निघतो, दुसऱ्याच्या तोंडांतून त्यावर घालण्याची पेस्ट. एकाकडून पाव, दुसऱ्याकडून लोणी. सर्व कसें जुळतें. मग जोड्या चुकूं लागतात. ब्रशावर लोणी येतें, पावावर पेस्ट येते, आणि संवाद उध्वस्त होतो. संकलकाच्या धंद्यावर याहून नेमकें भाष्य मला ठाऊक नाहीं. कारण संकलकाचें कामही कशासमोर काय यावें एवढेंच असतें. हा लघुपट १९८३ मध्यें बर्लिनला व फ्रान्समधील आनसी येथें सर्वोच्च बक्षिसें घेऊन आला. मायदेशीं तो पक्षाच्या विचारप्रणाली-समितीस दाखविण्यांत आला, तो काय खपवून घेऊं नये याचा नमुना म्हणून.

अशा मेजाशीं मारिये झेमानोवा यांचें नांव येतें तें १९८८ च्या चित्रपटांत. लुइस कॅरोल याची 'ॲलिस' (१८६५) आपल्याकडील इंग्रजी शिकलेल्या घरांत परिचयाची आहे. श्वांकमायर यांनीं तिच्यावर आपला पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट केला आणि त्याला चेक भाषेंत नांव दिलें 'ॲलिसमधलें कांहीं'. सगळें नव्हे, निवडलेलें कांहीं. हें नांवच एखाद्या संकलकाला शोभावें असें आहे. पैसा स्वित्झर्लंड, ब्रिटन आणि पश्चिम जर्मनी येथून आला, म्हणून सरकारी स्टुडिओच्या परवानगीवर तो सर्वस्वीं अवलंबून राहिला नाहीं.

या चित्रपटांत एकच खरी मुलगी आहे. बाकी सारें निर्जीव. पेंढा भरलेला ससा कांचेच्या पेटींतून खिळे उपटून बाहेर येतो. त्याच्या पोटांतून भुसा गळतो आणि तो भुशांतूनच घड्याळ काढतो. पायमोज्यांच्या अळ्या लांकडी जमिनींत भोंकें पाडतात. मुलगी लहान होते तेव्हां ती चिनी मातीची बाहुली होते, आणि मोठी होते तेव्हां पुन्हां मुलगी. हें स्थित्यंतर जादूनें होत नाहीं. तें तोडीनें होतें. एका चित्रांत खरा हात, दुसऱ्या चित्रांत बाहुलीचा हात, आणि मधला सांधा इतका घट्ट कीं डोळा तक्रार करीत नाहीं. मुलीची हालचाल सलग चित्रण केलेली, बाहुलीची एकेक चित्र जोडून बनविलेली. या दोन जातींच्या हालचालींची लय एक करणें हें संकलनाचें काम, आणि तें येथें तासाभराहून अधिक काळ न चुकतां चालतें. दुसरी गोष्ट याहून धाडसाची आहे. कोणीहि बोललें कीं लगेच मुलीचे ओठ पडदाभर दिसतात आणि तीच 'असें ससा म्हणाला' वगैरे सांगते. संकलकानें तोड लपवावी हा साधारण नियम. येथें तोड पुन्हां पुन्हां डोळ्यांत भरेल अशी ठेवली आहे. ही गोष्ट कोणी तरी सांगत आहे, कोणी तरी जोडीत आहे, हें प्रेक्षकानें विसरूं नये म्हणून. पार्श्वसंगीत जवळजवळ नाहीं; घासणें, कुरकुरणें, टकटक, यांचे आवाज मात्र अगदीं कानाशीं. दृष्टि आणि ध्वनि यांचा जो सांधा १९७० मध्यें तोडावा लागला होता, तो या चित्रपटांत निर्धास्तपणें पुन्हां बसविलेला दिसतो.

पुढच्याच वर्षीं, नोव्हेंबर १९८९ मध्यें, ती राजवट गेली आणि दुसरी कात्री मेजावरून उचलली गेली. त्यानंतरच्या वीस वर्षांत झेमानोवाबाईंनीं श्वांकमायर यांचे आणखी पांच चित्रपट संकलित केले, आणि प्रत्येकांत संकलनाचा प्रश्न निराळा आहे. 'फाउस्ट' (१९९४) मध्यें प्रागच्या रस्त्यांतून चालणारा एक साधा मनुष्य नाटकगृहांत शिरतो आणि मनुष्याएवढ्या कळसूत्री बाहुल्यांत मिसळून जातो. मनुष्य कोठें संपला व लांकूड कोठें सुरू झालें हें तोडीवर ठरतें. 'सुखाचे कटवाले' (१९९६) मध्यें एकही संवाद नाहीं. सहा माणसें आपापल्या बंद खोलींत आपापल्या गुप्त छंदाची सिद्धता करीत असतात, आणि एकाकडून दुसऱ्याकडे नेणारा धागा शब्दांचा नसून केवळ कात्रीचा आहे. 'ओतेसानेक' (२०००) ही अपत्यहीन दांपत्यानें पोर म्हणून वाढविलेल्या खादाड झाडाच्या खोडाची लोककथा. येथें आजच्या गोष्टींत जुन्या गोष्टीचीं चितारलेलीं पानें मधून मधून शिरतात, आणि शेवट काय होणार हें पानें आधीं सांगतात. या चित्रपटास चेक देशाचें उत्कृष्ट चित्रपटाचें 'सिंह' पारितोषिक मिळालें. 'वेड' (२००५) मध्यें वेड्यांच्या इस्पितळाच्या कथेंत मांसाचे सजीव तुकडे मधूनच सरपटत जातात. आणि २०१० च्या चित्रपटांत, ज्याच्या नांवाचा अर्थ 'आपलें आयुष्य निभावून नेणें' असा कांहींसा होतो, नटांचींच छायाचित्रें कापून तीं हलविलीं आहेत. आरंभीं श्वांकमायर स्वतः पडद्यावर येऊन सांगतात कीं पैसे कमी होते म्हणून ही युक्ति. छायाचित्रांना जेवण द्यावें लागत नाहीं. सरकारची कात्री गेली तरी पैशाची कात्री राहिलीच, हें सांगण्याची ही त्यांची विनोदी रीत. पण ही तिसरी कात्री निदान उघड बोलते आणि तिच्यावर हंसतां तरी येतें.

तेव्हां पहिल्या दोन कात्र्या ओळखावयाच्या कशा? संकलक जोडण्यासाठीं कापतो आणि सेन्सॉर तोडण्यासाठीं कापतो, असें उत्तर सुचतें. पण तें पुरेसें नाहीं. प्रत्येक सेन्सॉर आपण समाज जोडून ठेवण्यासाठींच कापतों असें म्हणतो आणि पुष्कळदां तो प्रामाणिकपणें तसें मानतोही. मला सुचलेली खूण निराळी आहे, आणि ती मला माझ्याच एका चुकीनें सुचली. मी तीस वर्षें इतिहास शिकवीत आलों आहें. पुष्कळ वर्षांपूर्वीं एका पाठसंग्रहाच्या समितीवर मी होतों. एका तरुण लेखकाचा दुष्काळावरचा पाठ आम्हीं घेतला आणि त्याचा शेवटचा परिच्छेद मीं गाळला. समासांत कारण लिहिलें, 'जागा अपुरी'. जागा पुरेशी होती. त्या परिच्छेदांत अधिकाऱ्यांच्या वागणुकीविषयीं दोन खरीं परंतु अडचणीचीं वाक्यें होतीं, आणि तीं राहिलीं तर कोणी तरी मला विचारील अशी धास्ती मला वाटली. पाठ छापून आला. वर लेखकाचें नांव होतें. गाळलेल्या जागेखालीं माझें नांव नव्हतें. मुलांनीं तो तुटका पाठ पूर्ण समजून वाचला आणि तो त्या लेखकाचाच दोष ठरला.

खूण ही आहे. संकलक आपल्या कापण्याखालीं नांव लिहितो. अक्षर बारीक असेल, यादी पुसट असेल, परंतु नांव असतें. फसलेल्या सांध्याचा जाब त्या नांवाला विचारतां येतो. सेद्लेत्सच्या हाडांवरून आवाज कोणीं काढावयास लावला, 'हात'च्या प्रती कोणीं उचलल्या, यांखालीं पडद्यावर कोणाचेंही नांव नाहीं. आणि माझ्या त्या परिच्छेदाखालींही नाहीं. इतिहासकारालाही कापावें लागतेंच. सर्व कागद कोण छापणार? पण आपण कोठें कापलें हें सांगण्याची आणि त्याखालीं सही करण्याची तयारी नसेल, तर आपल्या हातांतील कात्री कोणती याचा त्यानें विचार करावा.

'ॲलिसमधलें कांहीं' या चित्रपटांत राणीच्या हुकुमावरून डोकीं उडविण्याचें काम त्या भुसा भरलेल्या सशाकडे असतें, आणि त्याचें हत्यार म्हणजे कात्री. शेवटीं मुलगी जागी होते. खोली होती तशीच आहे. परंतु कांचेच्या पेटींतला ससा जागेवर नाहीं. ती पेटीचा चोरकप्पा उघडते आणि आंत तिला ती कात्री सांपडते. ससा आल्यावर त्याचें डोकें उडवावें कीं काय, असा विचार तिच्या मनांत येतो. आणि चित्रपट तेथेंच संपतो. जुलमाची कात्री सांपडली म्हणजे प्रत्येकाला प्रथम हाच विचार सुचतो. त्या कात्रीनें ती पुढें काय कापते, हें चित्रपट सांगत नाहीं.

त्यानंतर नांवांची यादी येते. हल्लीं मी ती संपेपर्यंत बसून राहतों. घरचीं माणसें दाराशीं ताटकळतात आणि मला हंसतात. त्यांनीं हंसावें, परंतु पुढील खेपेस वाचकांनींही दोन मिनिटें बसून पहावें, एवढी विनंति आहे. तीं दोन मिनिटें म्हणजे ज्यांनीं कापलें आणि सही केली त्यांची हजेरी असते.